सी. रामचंद्र यांची गाणी बसवताना: चाल, ठेका, पट्टी आणि वाद्यमेळ

मध्यमसूर

जानेवारीत अण्णांचा, म्हणजे संगीतकार सी. रामचंद्र यांचा, स्मृतिदिन (५) आणि जन्मदिन (१२) आठवड्याभरात येतात. गावोगावी कार्यक्रम होतात आणि दरवर्षी तीच तक्रार ऐकू येते: गाणी ओळखीची, वादक चांगले, पण ऐकताना अंगावर ओझं आल्यासारखं वाटतं. हे का होतं आणि बसवताना नेमकं काय बदलायचं, एवढ्याचसाठी हा धागा. आठवणी आणि किस्से नकोत, कामाचं लिहा.

सुरुवातीला थोडी पार्श्वभूमी. रामचंद्र नरहर चितळकर, जन्म १९१८, पुणतांबे, जिल्हा अहमदनगर (आताचा अहिल्यानगर). शिक्षण नागपूरला शंकरराव सप्रे यांच्याकडे आणि पुण्याला विनायकबुवा पटवर्धनांकडे. 'नागानंद'मध्ये नायक म्हणून उभे राहिले, पण तो रस्ता चालला नाही. मग मिनर्व्हा मूव्हिटोनमध्ये पेटी. स्वतंत्र संगीतकार म्हणून आधी तमिळ चित्रपट, त्यानंतर १९४२ साली मास्टर भगवान यांचा 'सुखी जीवन'. पुढे 'शहनाई' (१९४७), 'पतंगा' (१९४९), 'समाधी' (१९५०), 'अलबेला' (१९५१), 'अनारकली' (१९५३), 'आझाद' (१९५५), 'आशा' (१९५७), 'नवरंग' (१९५९). गायक म्हणून नाव फक्त 'चितळकर'. १९८२ साली गेले.

हा क्रम दिला तो एका कारणासाठी. माणूस ग्वाल्हेर परंपरेच्या शिस्तीत शिकलेला, पेटीवर हात बसलेला आणि नट म्हणून शब्द फेकण्याची सवय असलेला. त्यांच्या चालीत या तिन्ही गोष्टी दिसतात. चाल पेटीवर सहज वाजते, शब्द बोलल्यासारखा पडतो आणि राग मुखड्यातच स्वच्छ उभा राहतो. कार्यक्रमात आपण नेमक्या याच तीन गोष्टी झाकतो. पेटीवर सिंथेसायझरची भिंत चढवतो, शब्दावर हरकत घालतो आणि रागावर चुकीचे कॉर्ड्स (एकत्र वाजवलेले तीन-चार स्वर) टाकतो.

माझ्या मते सगळ्यात मोठं नुकसान तिसऱ्यामुळे होतं. त्यावर कोणीतरी सविस्तर लिहा.

कोमल_निषाद

मी लिहितो. 'अनारकली'तली दोनच गाणी घेऊ, कारण दोघांचे स्वर तेच आणि राग वेगळे. 'ये ज़िंदगी उसी की है' भीमपलासीवर, 'जाग दर्द-ए-इश्क़ जाग' बागेश्रीवर. दोन्ही काफी थाटातले: ग आणि नि कोमल, बाकी शुद्ध. पेटीवर दाबायच्या पट्ट्या त्याच. मग फरक कुठे पडतो?

भीमपलासीत चढताना रे आणि ध नाहीत: नि सा ग म प नि सां. उतरताना सगळे: सां नि ध प म ग रे सा. पंचम भक्कम. बागेश्रीत चढताना धैवत हाच कणा: ग म ध नि सां. पंचम अगदी थोडा आणि तोही वाकडा, 'म प ध ग' असा. म्हणजे मधल्या इंटरल्यूडमध्ये (कडव्यांमधल्या वाद्यांच्या तुकड्यात) व्हायोलिनने 'म प ध नि सां' अशी सरळ शिडी चढली की दोन्ही राग एकदम मोडतात. भीमपलासीत ध नको होता, बागेश्रीत प नको होता. ही शिडी वाटतं त्यापेक्षा जास्त ठिकाणी ऐकू येते, कारण कीबोर्डवर बोटं आपोआप तशीच जातात.

आता कॉर्ड्स. सा मायनर (सा, कोमल ग, प) चालतो. म वरचा मेजर (म ध सां) चालतो. कोमल नि वरचा मेजर (नि रे म) चालतो. गडबड होते ती पंचमावर. गिटारवाला सवयीने पंचमावर मेजर किंवा सेव्हन्थ लावतो, त्यात शुद्ध निषाद येतो. गायिका कोमल निषादावर थांबलेली आणि खाली शुद्ध निषाद! श्रोत्याला कारण कळत नाही, पण काहीतरी खुपतं. पंचमावर लावायचाच तर मायनर: प, कोमल नि, रे. आणि शंका असेल तर सा-प एवढेच दोन स्वर धरा, तिसरा सोडून द्या. बागेश्रीत तर सा-म धरा, पंचमही नको.

मालकंसात हे आणखी कडक आहे. 'नवरंग'मधली 'आधा है चंद्रमा' आणि 'तू छुपी है कहाँ' ही दोन्ही मालकंसावर. स्वर पाचच: सा, कोमल ग, म, कोमल ध, कोमल नि. या पाचांतून पूर्ण त्रिस्वरी कॉर्ड दोनच निघतात: म वरचा मायनर (म, कोमल ध, सां) आणि कोमल ध वरचा मेजर (कोमल ध, सां, कोमल ग). बास्स. षड्जावर कॉर्ड पूर्ण करायला पंचम लागतो आणि मालकंसात तो नाही. म्हणून 'टोनिक' (षड्जावरचा मुख्य कॉर्ड) म्हणून सा मायनर वाजवला की पहिल्याच ठोक्याला राग गेला.

तंबोऱ्याचंही तेच. पहिली तार मध्यमावर लावा. इलेक्ट्रॉनिक तंबोरा पंचमावर तसाच राहून गेला तर गायकाने कितीही सांभाळलं तरी मागे पंचम वाजतच राहतो.

तबकडी

उत्तम. 'राधा ना बोले' ('आझाद') हेही बागेश्रीच. 'जाग दर्द-ए-इश्क़'च्या शेजारी ठेवून ऐका. राग एक, पण एकात व्याकुळपणा आणि दुसऱ्यात लटका रुसवा. लय आणि शब्दांची लांबी बदलली की रागाचा चेहरा किती बदलतो, हे शिकायला याहून चांगली जोडी मिळणार नाही.

निवेदन लिहिणाऱ्यांसाठी दोन दुरुस्त्या, कारण या चुका दरवर्षी होतात. एक, 'अनारकली'तलं गीता दत्त यांचं 'आ जान-ए-वफ़ा' अण्णांचं नाही. तो चित्रपट आधी वसंत प्रकाश यांच्याकडे होता, ते गाणं त्यांचं. दोन, 'आझाद'मधल्या 'कितना हसीं है मौसम'चा पुरुष आवाज तलत महमूद यांचा नाही, तो चितळकरांचाच.

सरगमप्रेमी

एक प्रश्न. मूळ पट्टीवर, म्हणजे गाण्याचा सा कोणत्या सुरावर आहे यावर, वाद का होतात? 'अलबेला'चं एकच गाणं तबकडीवरून घेतलेलं एका पट्टीत येतं, चित्रपटातलं दुसऱ्या, आणि कधीकधी दोन्ही कुठल्याच पट्टीत बसत नाहीत. सरावाला नेमकं कोणतं धरायचं?

तबकडी

बहुतेक वेळा गाणं एकच असतं, वेग वेगळा असतो. हिशोब असा.

अर्धा सूर म्हणजे वेगात सुमारे ६ टक्के फरक. मिनिटाला ७८ फेऱ्यांची तबकडी ८० ने फिरवली तर वेग अडीच टक्क्यांनी वाढतो आणि सूर सुमारे ४४ सेंट चढतो. १०० सेंट म्हणजे अर्धा सूर. त्यामुळे काळी चारचं (पेटीवरच्या चौथ्या काळ्या पट्टीवर सा असलेलं) गाणं काळी चार आणि तिच्या पुढची पांढरी सहा यांच्या जवळजवळ मधोमध जाऊन बसतं. तुम्ही म्हणता ते 'कुठल्याच पट्टीत नाही' प्रकरण हेच.

चित्रपटाचं वेगळं. चित्रीकरण सेकंदाला २४ चौकटींनी. आपल्याकडची दूरचित्रवाणी आणि काही जुन्या डीव्हीडी पाल पद्धतीच्या, म्हणजे २५ चौकटी. २४ चं २५ केलं की वेग ४ टक्क्यांहून थोडा जास्त वाढतो आणि सूर सुमारे ७० सेंट चढतो. लताबाईंचा आवाज तिथे आणखी कोवळा लागतो तो यामुळेही.

खरी पट्टी शोधायची तर ध्वनिमुद्रणातली विजेची घूं शोधा. आपल्या विजेची वारंवारता ५० हर्ट्झ, तिचे १०० आणि १५० हे पटही दिसतात. स्पेक्ट्रम दाखवणाऱ्या कुठल्याही सॉफ्टवेअरमध्ये गाण्याआधीची किंवा नंतरची दोन सेकंदांची शांतता मोठी करून पाहा. १०० च्या जागी १०२.५ दिसलं तर अडीच टक्के जलद आहे, तेवढं मंद करा. एक धोका: तबकडीवरून उतरवताना लागलेली नवी घूं बरोबर १०० वरच असते, जुनी बाजूला सरकलेली असते. दोन रेघा दिसल्या तर सरकलेली धरा. आणि घूं गाळून 'स्वच्छ' केलेल्या प्रतीत यातलं काहीच सापडत नाही, म्हणून खरखरीची प्रत जपून ठेवा.

वेग बदलताना सूर आणि लय दोन्ही एकत्र बदला. फक्त सूर खाली आणलात तर लय जलदच राहील आणि तालीम चुकीच्या लयीत बसेल.

मध्यमसूर

लयीवरून आठवलं. तीन मिनिटांचा हिशोबही इथे नोंदवू या, कारण गाणी जड होण्याचं ते दुसरं मोठं कारण आहे. दहा इंची ७८ च्या तबकडीच्या एका बाजूला साधारण तीन, सव्वातीन मिनिटं मावत. चित्रपटाच्या ३५ मिलिमीटर फितीत मिनिटाला ९० फूट, म्हणजे ३ मिनिटं २० सेकंदांचं गाणं बरोबर ३०० फूट.

समजा लय मिनिटाला १२० ठोके, चार ठोक्यांचा एक बार. एक बार दोन सेकंदांचा. ३ मिनिटं १२ सेकंदांत ९६ बार मिळतात. सुरुवातीचा तुकडा ८, मुखडा १६. मग एम-वन (पहिला इंटरल्यूड) ८, अंतरा १६, मुखड्याकडे परत येणं ८, हे झाले ३२. दुसऱ्या अंतऱ्यासाठी पुन्हा ३२. शेवट ८. बेरीज ९६, एक बारही शिल्लक नाही. तिसरा अंतरा घ्यायचा तर आणखी ६४ सेकंद लागतात आणि तबकडी संपते.

म्हणून त्या काळच्या इंटरल्यूडमध्ये भरताड नसतं. आठ बारांत एक वाद्य एक वाक्य बोलतं आणि गायकाला सूर देऊन बाजूला होतं. शेवटच्या बारात जो स्वर येतो तोच बहुतेक वेळा अंतऱ्याच्या उचलीला आधार असतो. कार्यक्रमात आपण एम-वन दुप्पट करतो, वर टाळ्यांसाठी सॅक्सोफोनचा एकल तुकडा घालतो आणि गायक परत येतो तेव्हा सूर शोधत राहतो. आठाचे सोळा करू नका. फारच मोह झाला तर तो तुकडा गाण्याच्या आधी वाजवा, मध्ये नको.

ठेकेदार

तालावर कोणी बोललं नाही अजून. 'शोला जो भड़के'सारख्या गाण्यांत बोंगो आणि आपला केरवा एकत्र कसे नांदतात, हे समजून घ्यायला हवं. ते योगायोगाने जमलेलं नाही.

केरवा ८ मात्रांचा: धा गे ना ति । न क धि ना. बोंगोचा मूळ ठेका मार्तिलो, तोही एका बारात ८ आघातांचा. मार्तिलोत मोठ्या, खर्जाच्या तोंडाचा उघडा आघात चौथ्या ठोक्यावर पडतो, म्हणजे आठांत मोजलं तर सातव्यावर. केरव्यात सातव्या मात्रेला 'धि', बायाचा (डाव्या हाताच्या खर्जाच्या तोंडाचा) भरीव आघात. दोन्हींचा खर्ज एकाच जागी! म्हणून ढोलक आणि बोंगो एकमेकांवर बसतात आणि ठेका एकसंध वाटतो.

बिघडतं ते असं. बोंगोवाला रंगात येऊन खर्जाचा आघात आठव्यावर किंवा पाचव्यावर नेतो. ढोलकवाला सातव्यावरच असतो. लगेच चिखल होतो आणि लय मंदावल्यासारखी वाटते, जरी मेट्रोनोम तोच असला तरी. दुसरी चूक म्हणजे दोघांनीही आठही मात्रा भरणं. एकाने आठ भरल्या तर दुसऱ्याने १, ४ आणि ७ एवढंच वाजवावं. तिसरी चूक ड्रमकिटची. किकचा दणका प्रत्येक ठोक्याला दिला की बायाची मींड ऐकूच येत नाही. किक काढून ब्रशने स्नेअर वाजवा, गाणं तिथल्या तिथे हलकं होतं.

बोंगोची कातडी चांगली ताणलेली हवी. दमट हवेत कातडं सैल पडतं, आवाज ढोलकच्या चाटीत मिसळतो आणि मग दोन वाद्यं असून एकच ऐकू येतं. कृत्रिम पडदा लावला तर हा त्रास कमी होतो, पण आवाज कोरडा येतो. मला कातडंच पटतं.

सरगमप्रेमी

'गोरे गोरे ओ बाँके छोरे' ('समाधी') थेट परदेशी गाण्यावरून घेतलं, असं सांगितलं जातं. मग चालीचं श्रेय किती द्यायचं?

तबकडी

१९४५ च्या 'चिको चिको फ्रॉम पोर्टो रिको'ची ओळख त्यात स्पष्ट आहे, ते लपवायचं कारण नाही. श्रेयाबद्दल माझं मत: निवेदनात तसं सांगावं आणि पुढे जावं. त्याच माणसाने दोन-तीन वर्षांत 'अनारकली' दिला, हेही त्याच निवेदनात सांगावं. दोन्ही मिळूनच माणूस पुरा होतो.

पितळी

वाद्यमेळावर माझ्याकडून थोडं. अण्णांच्या गाण्यांतला ट्रम्पेटचा रंग चिक चॉकलेट यांच्याशी जोडलेला आहे. मूळ नाव अँटोनियो झेव्हियर वाझ, गोव्यातले हळदोण्याचे. अण्णांचे सहायक म्हणून त्यांनी काम केलं, आणि 'अलबेला'त ते आणि त्यांचा वाद्यवृंद पडद्यावरही दिसतो. चित्रपटाच्या श्रेयनामावलीत या मंडळींची नावं क्वचितच आली. कार्यक्रमाच्या पत्रिकेत त्यांचं नाव छापणं एवढं तरी आपण करू शकतो, आणि ते करायलाच हवं.

काम कसं वाटलेलं असे ते लक्षात घ्या. संगीतकार चाल पेटीवर देई, सरगमीत. गोव्याचे वादक पाश्चात्त्य स्वरलेखन वाचणारे, म्हणून मधला कोणीतरी ती चाल पाच रेषांवर उतरवून प्रत्येक वाद्याचा कागद वेगळा लिही. आजही बसवताना हा टप्पा गाळू नका. 'ऐकून वाजवा' म्हटलं की प्रत्येक जण चालच वाजवतो आणि मागे आधाराला काही राहत नाही.

कागद लिहिताना पट्टी बदलते, हे ध्यानात ठेवा. ट्रम्पेट आणि क्लॅरिनेट बी फ्लॅटचे, त्यांना एक पूर्ण सूर वर लिहायचं. आल्टो सॅक्सोफोन ई फ्लॅटचा, त्याला सहावा (मेजर सिक्स्थ) वर. काळी चारचं गाणं (ए फ्लॅट) ट्रम्पेटला बी फ्लॅटमध्ये येतं आणि सॅक्सोफोनला एफमध्ये, दोन्ही हाताला सोपं. पण गायिकेने ऐन वेळी अर्धा सूर चढवून पांढरी सहा मागितली की ट्रम्पेटला बी मेजर, पाच शार्प. तिथे पितळी वाद्यं घसरतात आणि दोष वादकांना जातो. पट्टी तालमीच्या पहिल्या दिवशी ठरवा आणि मग हलवू नका.

द्वंद्वगीतात तर पट्टी दोन आवाजांची तडजोड असते. बाईंना काळी चार सोयीची, पुरुषाला काळी एक. दोघांना एकच सा लागणार. पुरुषाला वर ओढण्याऐवजी त्याच्या ओळी मंद्र आणि मध्य सप्तकात बसतात का ते आधी पाहा. चितळकरांनी स्वतः गायलेल्या ओळी बऱ्याचदा बोलण्याच्या उंचीवरच आहेत. तिथे ताकदीने तार षड्ज लावणारा गायक आणला की 'शाम ढले खिड़की तले'ची सगळी मिश्किली जाते.

म्यूट (ट्रम्पेटच्या तोंडात बसवायचं, आवाज दबवणारं साधन) विसरू नका. गायक गात असताना मागे ट्रम्पेट उघडा वाजला तर शब्द बुडतात. कप म्यूट लावा, गायक थांबला की काढा. काढायला निदान दोन ठोके लागतात, ते कागदावर विश्रांती म्हणून लिहून ठेवा, नाहीतर वादक एक तर उशिरा येतो किंवा म्यूटसकट वाजवतो.

ठेकेदार

ध्वनिक्षेपणाबद्दल जोडतो. त्या वेळी गायक आणि वाद्यं एकत्रच मुद्रित होत. नंतर वेगवेगळे आवाज कमी-जास्त करायची सोय नव्हती, म्हणून तोल अंतराने साधायचा. मायक्रोफोनपासूनचं अंतर दुप्पट केलं की आवाज सुमारे ६ डेसिबलने उतरतो (खोलीच्या प्रतिध्वनीमुळे प्रत्यक्षात थोडा कमी). शेवटच्या ओळीत कोणी चुकलं तर सगळं पुन्हा.

आज प्रत्येक वाद्याला वेगळा माईक लावून सगळेच पुढे आणले जातात, त्यामुळे जुन्या ध्वनिमुद्रणातली खोली नाहीशी होते. व्हायोलिन चार असतील तर चार माईक लावू नका. एक माईक, दीड-दोन मीटरवर, वरून. गायक, बासरी आणि तबला यांनाच जवळचे. फीडबॅक येत असेल तर हे अंतर थोडं कमी करावं लागेल, पण चौघांना एकच माईक हा नियम सोडू नका.

सरगमप्रेमी

'ऐ मेरे वतन के लोगों' शेवटी घ्यायचंच असतं. त्यात काय सांभाळायचं?

कोमल_निषाद

२७ जानेवारी १९६३ ला दिल्लीत पंडित नेहरूंसमोर लताबाईंनी ते पहिल्यांदा गायलं, शब्द कवी प्रदीप यांचे. चित्रपटाचं नाही, त्यामुळे तीन मिनिटांचं बंधनही नाही, सहा मिनिटांच्या वर आहे.

सुरुवातीचं 'तुम ख़ूब लगा लो नारा' हे कडवं तालाशिवाय आहे. ताल येतो 'ज़रा आँख में भर लो पानी'च्या मुखड्याला. बहुतेक जण तालवाद्य आधीच सुरू करतात, किंवा की-बोर्डवर मार्चचा ठेका लावून ठेवतात. तसं केलं की सुरुवातीचं बोलणं घोषणा होऊन बसतं. तबलजीला पहिलं कडवं हात मांडीवर ठेवायला सांगा. लय प्रत्येक कडव्याला थोडी थोडी चढते आहे का यावर लक्ष ठेवा. सहा मिनिटांत दहा ठोके सहज वाढतात आणि शेवटची कडवी श्वास न मिळाल्यामुळे तुटतात. गायिकेच्या कानात क्लिक (लयीची टिकटिक) देऊ नका, तबलजीच्या द्या.

मध्यमसूर

मराठीही घ्या कार्यक्रमात, ती नेहमी राहून जाते. 'घरकुल' (१९७०) मधलं सुरेश भटांचं 'मलमली तारुण्य माझे' आशाबाईंच्या आवाजात. वृत्त व्योमगंगा: गालगागा चार वेळा, ओळीत २८ मात्रा. एक गण ७ मात्रांचा. आठ मात्रांच्या ठेक्यावर ते बसवायचं तर दर गणात एक मात्रा कुठेतरी ताणावी लागते आणि ती कुठे ताणायची हे चालीने ठरवलेलं असतं. म्हणून तालमीत आधी ठेक्याशिवाय, नुसत्या पेटीवर ओळ म्हणून घ्या. 'मल-म-ली-ता', 'रुण्-य-मा-झे', असे गण हातावर मोजा, मग मूळ ध्वनिमुद्रण लावून कोणता गुरू ताणला आहे त्यावर पेन्सिलीने खूण करा. नंतर ताल. उलट क्रमाने बसवलं तर 'तारुण्य'चा 'रु' आखूड होतो आणि जोडाक्षर घशात अडकतं.

पितळी

आणि त्या गाण्याला ट्रम्पेट नको, हे मीच लिहून ठेवतो. बासरी, व्हायोलिन आणि मागे हलकी गिटार, एवढ्यावर थांबा. गिटारचे कॉर्ड्स वर कोमल_निषाद यांनी सांगितलेल्या कसोटीवर तपासा: आधी चालीत लागणारे स्वर कागदावर लिहून काढा, आणि कॉर्डमध्ये त्या यादीबाहेरचा स्वर आला तर तो कॉर्ड काढून टाका.